सतरा पावलांचा मुजरा

ब्राउनरसाहेबाने माझी उंची तीनदा मोजली. एकदा भिंतीशी उभं करून, एकदा खुर्चीत बसवून आणि एकदा जमिनीवर आडवं झोपवून, कारण उभा असताना मी घाबरून आखडतोय असा त्याला संशय होता. झोपूनही तीन फूट दहा इंचच भरली. मग त्याने टेप गुंडाळून खिशात टाकली आणि माझा हात धरून जोरजोरात हलवला.

"अगदी बरोबर," तो म्हणाला. "एक इंच कमी नाही, एक इंच जास्त नाही."

मला तेव्हा सव्विसावं वर्ष चालू होतं. तोवर मला पुष्कळांनी मापलं होतं. बरोबर भरलो असं सांगणारा हा पहिलाच.

ही कोल्हापूरची गोष्ट. चित्रपटाला नुकतं तोंड फुटलं होतं आणि जो तो बोलपट काढत सुटला होता. बळवंतराव हुपरीकरांच्या स्टुडिओत मी पगारी विदूषक होतो. म्हणजे कथेत कुणाला लाथ बसायची असली की मला बोलावत. लहानपणी मिशनच्या शाळेत इंग्रजी शिकलो होतो, त्यामुळे दोन लाथांच्या मधल्या वेळात मी ब्राउनरसाहेबाचा दुभाषाही होतो. त्याचं इंग्रजी मोडकं होतं आणि माझं त्याहून मोडकं, त्यामुळे आमचं उत्तम जमे.

एमिल ब्राउनर मूळचा व्हिएन्नाचा. बर्लिनच्या स्टुडिओत बारा वर्षं कलादिग्दर्शक होता. तिथं सरकार बदललं आणि नव्या सरकारने सगळ्यांना एक फॉर्म भरायला दिला. साहेब ज्यू. धर्माच्या रकान्यात त्याने तसं लिहिलं आणि आठवड्याने त्याची नोकरी गेली. मी त्याला विचारलं होतं, दुसरं काहीतरी का नाही लिहिलं? तो म्हणाला, फॉर्मच्या खाली छापलं होतं की माहिती खरी द्यावी.

आमचा कॅमेरामन ज्ञानू माळी तेव्हा काम शिकायला सहा महिने बर्लिनला गेला होता. बाकीचे लोक तिकडून लेन्स घेऊन यायचे. ज्ञानू येताना ब्राउनरसाहेबाला घेऊन आला.

साहेबाची बायको ग्रेटे आणि सात वर्षांची मुलगी रूथ तिकडेच अडकल्या होत्या. त्यांना इकडे आणायचं तर मुंबईच्या सरकारी कचेरीला तीन वर्षांच्या नोकरीचा करार दाखवायला हवा होता. मालकांनी, म्हणजे हुपरीकरांनी, त्याला स्पष्ट सांगितलं होतं: दरबाराचा शॉट जमला तर करार, नाही जमला तर महिनाअखेरीला परतीचं तिकीट. मालक दुष्ट नव्हते. बोटीवर शाकाहारी जेवण मिळतं का याचीसुद्धा त्यांनी चौकशी करून ठेवली होती. साहेब शाकाहारी नव्हता, पण हेतू चांगला होता.

तर, दरबार. बोलपट एका काल्पनिक सम्राटाचा होता आणि त्याचा दरबार तीनशे फूट लांब हवा होता. आमची शेड साठ फुटांची होती आणि तिच्या एका कोपऱ्यात मालकांच्या घरची म्हैस असे.

ब्राउनरसाहेबाने साठ फुटांत तीनशे फूट बसवले. कॅमेऱ्यापाशी, म्हणजे दरबाराच्या दाराशी, सोळा फुटी खांब. त्यामागे चौदा फुटी, मग बारा, असं करत करत शेवटी सिंहासनापाशी पाच फुटी. फरशा पुढे पाटाएवढ्या आणि मागे पानाच्या विड्याएवढ्या. जमीन मागे चढत गेलेली, छत खाली उतरत आलेलं. आत शिरून पाहिलं तर एखाद्या दारुड्याने बांधलेलं घर वाटायचं. पण कॅमेऱ्याच्या जागी उभं राहून, एक डोळा मिटून पाहिलं, की डोळ्यांत मावत नाही असा दरबार. तिथून एक वीत जरी सरकलं तरी पुन्हा दारुड्याचं घर.

माणसंही त्याच मापाची लागणार होती. दाराशी धिप्पाड, मधे मध्यम, आणि मागे तालमीतली नऊ-दहा वर्षांची पोरं, मिशा चिकटवलेली. सगळ्यांच्या शेवटी सिंहासनावर मी. जवळून दिसायचा सम्राट निराळा होता. तो पुण्याहून पुढच्या आठवड्यात येणार होता. लांबून दिसायचा सम्राट मी.

घरी जाऊन मी आईला सांगितलं की मला राजाचं काम मिळालं. ती भाकरी थापत होती. तिने विचारलं, "लाथ कोण घालतंय?"

आता आप्पासाहेबांचं सांगायला हवं.

बोलपटाला हत्ती हवा होता आणि हत्ती भैरेवाडीच्या जहागिरदारांकडे होता. आप्पासाहेब भैरेवाडीकर. वय अठ्ठावन्न, उंची सहा फूट दोन इंच, पगडी वेगळी. हत्तीबरोबर त्यांनी अकरा घोडे, तलवारी, चांदीच्या चवऱ्या आणि बारा खरेखुरे मानकरी दिले, आणि बदल्यात एकच गोष्ट मागितली. दरबारात त्यांना त्यांची जागा हवी होती. काम नको होतं, जागा. त्यांच्या घराण्याला पिढ्यान्‌पिढ्या गादीच्या उजव्या हाताचा पहिला मान होता. ती गादी केव्हाच गेली. मान शिल्लक होता आणि तो ठेवायला कुठं जागा नव्हती.

मालकांनी हो म्हटलं. ब्राउनरसाहेबाला सांगितलं, जहागिरदारांना सगळ्यांत मानाची जागा द्यायची. साहेब खूश झाला. त्याने दरबाराचा नकाशा काढला आणि सर्वांत मानाच्या जागी, कॅमेऱ्याच्या अगदी पुढ्यात, आप्पासाहेबांचं नाव स्वतःच्या हाताने लिहिलं. त्या जागेसाठी बर्लिनमधले नट एकमेकांच्या अंगावर धावून जात, असं त्याने मला अभिमानाने सांगितलं. नकाशा मी भैरेवाडीला पाठवला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आप्पासाहेबांची मोटार स्टुडिओत आली. नकाशा त्यांनी दोन बोटांच्या चिमटीत धरला होता.

"हुपरीकर," ते म्हणाले, "आम्हाला तुम्ही जोड्यांपाशी बसवलंय."

मालकांनी नकाशा पाहिला आणि त्यांचा चेहरा उतरला. सोळा फुटी खांब, पाटाएवढ्या फरशा, सगळं खरं. पण दार म्हणजे दार. सिंहासनापासून सर्वांत लांब. तिथं भालदारसुद्धा नाइलाजाने उभा राहतो. बारा मानकरी आप्पासाहेबांच्या मागे उभे होते. त्यांचं म्हणणं सोपं होतं. सरकार जिथं बसतील त्याच्या खाली आम्ही ओळीने. सरकार दाराशी, तर आम्ही काय रस्त्यावर?

ब्राउनरसाहेब समजावायला लागला आणि मी मराठीत सांगू लागलो. की तिथं आपण सर्वांत मोठे दिसाल. मागे कुणी दिसणारच नाही, मुंगीएवढं दिसेल.

"मोठंच दिसायचं असेल तर आम्ही घरी आरशासमोर बसू," आप्पासाहेब म्हणाले. "दरबारात मोठं दिसायचं नसतं. जवळ बसायचं असतं."

हे मी साहेबाला इंग्रजीत सांगितलं. त्याने ते माझ्याकडून दोनदा वदवून घेतलं आणि वहीत लिहून ठेवलं.

मग साहेबाला वाटलं की एकदा डोळ्यांनी पाहिलं की पटेल. त्याने आप्पासाहेबांना हाताला धरून कॅमेऱ्यापाशी नेलं, एक डोळा कसा मिटायचा ते दाखवलं आणि मला सिंहासनावर जाऊन बसायला सांगितलं. मी बसलो. तिकडून आप्पासाहेबांचा एक डोळा मला दिसत होता. बराच वेळ तो हलला नाही.

ते बाजूला झाले, उपरण्याने डोळे पुसले आणि म्हणाले, "माझ्या आज्याने सांगितला तसाच आहे हो. हुबेहूब." मग ब्राउनरसाहेबाच्या खांद्यावर हात ठेवून मला म्हणाले, "या माणसाला सांग, याने आमची गेलेली गादी परत आणली. आता तर आम्ही तिथंच बसणार."

आणि ते तरातरा चालत मागे गेले. पाच फुटी खांबांपाशी त्यांची पगडी छताच्या झुंबरात अडकली. ती सोडवून ते माझ्या उजव्या हाताला बसले. मालकांनी कॅमेऱ्यातून पाहिलं आणि ज्ञानूला पुढे ढकललं. ज्ञानू मला नंतर म्हणाला, "देव्हाऱ्यात बैल शिरल्यागत दिसत हुतं, लेका."

पण त्या बैलाला उठ म्हणणार कोण? हत्तीचे वीस सीन बाकी होते. मालकांनी कपाळ चोळलं, आणि उद्या सकाळी असंच घ्यायचं म्हणून जाहीर केलं.

दुपारी साहेब आणि मी सेटवर रंगाचे हात फिरवत होतो. त्याने सांगितलं की उद्या शॉट झाला की तो मालकांना खरं काय ते सांगणार. हे चित्र खोटं आहे आणि यावर माझं नाव घालू नका. मी म्हटलं, साहेब, मालक काही कॅमेऱ्यातले जाणकार नाहीत, थोडे दिवस गप्प राहा, करार होऊ दे, बाई नि पोरगी येऊ दे. त्याने ब्रश पाण्यात बुडवला.

"त्यांनी मला विचारलंय, जमेल का म्हणून," तो म्हणाला. "विचारल्यावर सांगायला नको?"

ह्या माणसाला कसं जगवायचं, हे त्याच्या बायकोला ठाऊक असणार. ती तिकडे होती.

त्याच संध्याकाळी, दिवस मावळायच्या आत, आप्पासाहेबांनी आम्हा सगळ्यांना दरबारी रिवाज शिकवला. मालकांनीच तशी विनंती केली होती. आप्पासाहेब ह्या कामात रंगून गेले. त्यांनी सांगितलं की महाराजांसमोर कुणी ताठ येत नाही. आडपडद्यातून येतानाच कमरेत वाकून यायचं. तीन मुजरे. मधे कंबर सरळ करायची नाही, फक्त हात हलेल. मग महाराजांची नजर होण्याची वाट पाहायची. महाराजांनी मान हलवली की जागेवर बसायचं.

"आणि नाही हलवली तर?" तालमीतल्या एका पोराने मिशी सावरत विचारलं.

आप्पासाहेबांना हा प्रश्न फार आवडला. नाही हलवली तर तोंड न फिरवता एक पाऊल मागे सरायचं आणि पुन्हा मुजरा करायचा. पुन्हा नाही, पुन्हा एक पाऊल. जिथं नजर होईल तिथंच बसायचं, मग ती कुठली का जागा असेना. त्यांच्या आजोबांना एकदा अकरा पावलं मागे सरावं लागलं होतं आणि त्या दिवशी ते अकराव्या पावलावर बसले. त्यांच्या घरात हे आजही अभिमानाने सांगत.

एक मानकरी माझ्याकडे बोट दाखवून मिशीत हसला. म्हणाला, "म्हणजे सरकार, उद्या आपण ह्या केरबाला मुजरा करणार?"

"मुजरा माणसाला नसतो," आप्पासाहेब म्हणाले. "गादीला असतो. गादीवर कोण बसलंय ते बघणं आपलं काम नाही. उद्या तिथं मांजर बसलं तरी आम्ही वाकू." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तू काय करायचंस? मान हलवायची. एवढं जमेल ना?"

मी जमेल म्हटलं. मांजराचं मला वाईट वाटलं नाही. तोवर मला ज्या ज्या गोष्टींची उपमा दिली गेली होती त्यांत मांजर पुष्कळ वरचं होतं.

दुसऱ्या दिवशी नऊ वाजता म्हैस बाहेर बांधली आणि शॉट लावला. ह्या शॉटला आवाज घ्यायचा नव्हता, त्यामुळे कॅमेऱ्यामागे कुजबुज चालली होती. मी सिंहासनावर. माझ्या दोन्ही हातांना मिशा लावलेली पोरं. मधल्या खांबांशी मध्यम उंचीची माणसं. बारा मानकरी कॅमेऱ्याच्या मागे थांबलेले, कारण सरकार बसल्याशिवाय त्यांनी बसायचं नाही. ब्राउनरसाहेब कॅमेऱ्याला खेटून एक डोळा मिटून उभा. त्याने कोट घातला होता. खरं सांगायला जाताना तो कोट घालत असे.

ज्ञानूने मोटर चालू केली. बाजूच्या पडद्यातून आप्पासाहेब वाकून आले.

त्यांचा कणा असा वाकला होता की पगडी माझ्या नाकासमोर आली. तीन मुजरे झाले. हात जमिनीपाशी जाई आणि कपाळाला लागे, आणि त्या हाताला इतकी सवय होती की मी क्षणभर मागे वळून पाहणार होतो, खरंच कुणी राजा बसलाय की काय. तिसरा मुजरा झाला. ते मान खाली घालून थांबले. वाकलेले आप्पासाहेब आणि माझ्या शेजारचं मिशीवालं पोरगं, दोघांचे खांदे एका रेषेत होते.

आता मी मान हलवायची होती.

मी हलवली नाही.

"मान," आप्पासाहेब दातांतून म्हणाले.

मी समोर बघत राहिलो. साठ फुटांवर ब्राउनरसाहेबाचा एक डोळा होता.

"अरे, मान हलव."

माझ्या गालावर एक माशी बसली. मी तिलाही हाकललं नाही.

आप्पासाहेब थोडा वेळ तसेच राहिले. मग त्यांच्या अंगात पिढ्यान्‌पिढ्यांचा जो काही रिवाज होता तो जागा झाला आणि तोंड न फिरवता ते एक पाऊल मागे सरले. पुन्हा मुजरा. मी बघत राहिलो. आणखी एक पाऊल. आणखी एक मुजरा. चौथ्या पावलाला ते पाच फुटी खांब सोडून सहा फुटीपाशी आले. अठ्ठावन्न वर्षांची कंबर ती. दर मुजऱ्याला पहिल्याइतकी वाकेना. प्रत्येक पावलाला ते एकेक बोट सरळ होत होते आणि प्रत्येक पावलाला त्यांच्या शेजारचा खांब तेवढाच उंच होत होता.

मागे मालक शॉट थांबवायला पुढे झाले. ज्ञानूने सांगितलं ते असं, की ब्राउनरसाहेबाने डोळा न काढता मालकांचं मनगट घट्ट धरलं. बाहेर म्हैस ओरडली.

दहा. अकरा. अकराव्या पावलावर आप्पासाहेब थबकले. मला वाटलं, आता बसतील. त्यांनी मान किंचित वर करून माझ्याकडे पाहिलं. आजोबांच्या पावलावर नजर मिळायला त्यांची हरकत नसावी. पण बारा फुटी खांबापाशी ते अजून एक वीत जास्त होते. मी हललो नाही. ते पुढे, म्हणजे मागे, निघाले.

सतराव्या पावलाला त्यांची टाच खडूच्या एका फुलीवर आली. ती फुली ब्राउनरसाहेबाने नकाशावरून मोजून काढली होती. आप्पासाहेब जवळजवळ ताठ उभे होते, सोळा फुटी खांबाशी, आणि इतके लांब की त्यांच्या चेहऱ्यावरचे भाव मला दिसत नव्हते.

मी मान हलवली.

ते तिथंच बसले. बारा मानकरी त्यांच्या खालोखाल, म्हणजे कॅमेऱ्याच्या आणखी जवळ, ओळीने येऊन बसले. ब्राउनरसाहेब त्याच्या भाषेत काहीतरी म्हणाला आणि ज्ञानूने मोटर बंद केली.

आप्पासाहेब उठून चालत सिंहासनापाशी आले. ह्या वेळी ताठ. झुंबर त्यांनी हाताने बाजूला केलं.

"सतरा," ते म्हणाले.

"होय, सरकार."

"आमच्या आज्याला अकरा लागली होती."

"आपला मान त्यांच्याहून मोठा, सरकार," मी म्हटलं.

ओरडावं तर सगळ्यांसमोर कबूल करावं लागलं असतं की मुजरा केरबाला केला होता. ते झुंबर सोडून निघून गेले.

तीन दिवसांनी धुवून आलेला शॉट पडद्यावर पाहिला. मी सिंहासनावर चिंचोक्याएवढा होतो. एक उमदा सरदार सम्राटापुढून मागे मागे येत होता आणि त्याच्याभोवती दरबार उलगडत जात होता. खांब वाढत होते, माणूस वाढत होता, आणि तीनशे फूट संपत नव्हते. शेवटी तो सरदार पडदाभर होऊन बसला. दिवे लागले तेव्हा आप्पासाहेब खुर्चीत पुढे सरकून बसले होते.

त्यांनी मालकांना दोन गोष्टी सांगितल्या. हा गोरा सोडू नका. आणि तो महाराज पुन्हा ह्या आवारात दिसता कामा नये.

मालकांनी मला ऑफिसात बोलावलं. "केरबा, मी त्यांना सांगितलं की तू मान हलवायला विसरलास. विसरलासच ना?"

"विसरलो, मालक."

"असा विसरणारा माणूस पुन्हा मिळायचा नाही रे," ते म्हणाले. "पण हत्तीचे वीस सीन आहेत."

शेजारच्या खोलीत ब्राउनरसाहेब करारावर सही करत होता. मला पाहून उठला आणि माझे दोन्ही हात धरले. तो इतका आनंदात होता की त्याचं इंग्रजी सुधारलं होतं.

"पाहिलंस? त्या माणसाने एकदाच भोकातून पाहिलं आणि त्याला सगळं कळलं. मापात वाकला, मापात उठला, स्वतःहून माझ्या फुलीवर जाऊन बसला. बर्लिनमध्ये मी माझ्या मदतनिसाला हे तीन वर्षं शिकवत होतो." मग त्याचा चेहरा पडला. "आणि तू मान हलवायला विसरलास. एवढीशी गोष्ट, केरबा. पण मी जहागिरदारांकडे जाऊन तुझ्यासाठी बोलणार आहे."

मी म्हटलं, नका जाऊ. मला मिरजेला काम मिळालंय. हे खोटं होतं, पण तिथं नाटक कंपन्या पुष्कळ होत्या आणि लाथा सगळीकडेच लागतात. त्याला खरं सांगितलं असतं तर तो करार तसाच टेबलावर ठेवून, कोट घालून, भैरेवाडीला गेला असता आणि शॉट नेमका कसा जमला ते आप्पासाहेबांना सविस्तर समजावून आला असता.

"पुढच्या ठिकाणी लक्ष देत जा," तो म्हणाला.

"देईन, साहेब."

कारकून रेगे कराराच्या कागदावर फुंकर घालत होते. दुसरा साक्षीदार हवा होता आणि खोलीत त्या दोघांखेरीज इंग्रजी लिहिता येणारा मीच होतो. मी नाव लिहिलं. त्यापुढे धंद्याचा रकाना होता. मी विचारलं, काय लिहू? रेगे म्हणाले, आत्ता तुला धंदा कुठला, पण रिकामं सोडू नकोस; मागच्या वेळी मुंबईने एका रिकाम्या रकान्यासाठी अख्खा कागद परत पाठवला होता. मी विचार केला. ब्राउनरसाहेब खिडकीपाशी बायकोला तार काय करायची ते जुळवत होता. मी मिशनच्या शाळेतल्या वळणदार अक्षरात लिहिलं: माजी महाराजा. पत्ता स्टुडिओचाच दिला.

रेग्यांनी न वाचता त्यावर टीपकागद दाबला.

अशा अर्जांना मुंबईत सहा-सहा महिने लागत. हा नवव्या दिवशी मंजूर होऊन आला. सोबत एका गोऱ्या अधिकाऱ्याचं पत्र होतं की महाराजांनी स्वतः साक्ष दिल्याचं पाहून कचेरीला विशेष आनंद झाला, आणि महाराजांना आमचे नम्र अभिवादन कळवावे. मालकांना वाटलं, आप्पासाहेबांनी परस्पर शब्द टाकला असणार. त्यांनी पत्र भैरेवाडीला पाठवलं. आप्पासाहेबांनाही नेमकं आठवेना, पण त्यांनी ते फ्रेम करून दिवाणखान्यात लावलं. हे सगळं रेग्यांनी मला मिरजेला नाटकाच्या मध्यंतरात सांगितलं. दुसऱ्या अंकात मला दोन लाथा होत्या, त्यामुळे मी घाईत होतो.

ग्रेटेबाई आणि रूथ पावसाळ्याआधी आल्या. ब्राउनरसाहेबाने इकडे एकोणीस बोलपटांचे सेट उभे केले. वर्तमानपत्रवाले भेटले की तो दर वेळी सांगे, हिंदुस्थानी सरदारांना अंतराची उपजत जाण असते. आप्पासाहेब गेले तेव्हा तो कोट घालून भैरेवाडीला जाऊन आला.

मागच्या वर्षी कोल्हापुरात त्याच्या चित्रांचं प्रदर्शन भरलं. साहेब जाऊन आता पुष्कळ वर्षं झाली. रूथ भाषणाला उभी राहिली. तिचं मराठी आपल्यासारखंच, थोडं कोल्हापुरी. ती म्हणाली, आमच्याबरोबर अर्ज केलेली बरीच कुटुंबं तिकडेच राहिली आणि त्यांचं काय झालं ते तुम्हाला ठाऊक आहे. आम्ही सुटलो, कारण कुणा महाराजांनी आमच्यासाठी साक्ष दिली. ते कुठले, ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही. बाबा म्हणायचे, फार मोठा माणूस असला पाहिजे.

मी तिसऱ्या रांगेत होतो. पुढच्या माणसाच्या डोक्यामुळे ती मला दिसत नव्हती, पण ऐकू स्वच्छ येत होतं.